अटकपूर्व जामीन मागण्याआधी दस्त वाच

प्रिय,

तोतया मालक उभा करून खरेदीखत नोंदवल्याच्या गुन्ह्यातल्या तुझ्या अटकपूर्व जामीन अर्जाचा मसुदा वाचला. निवाड्यांची रास आहे, पण सगळी पानं वाचूनही तुझा पक्षकार दुय्यम निबंधकाच्या टेबलापुढे कोण म्हणून उभा होता ते कळत नाही. मालक म्हणून उभा राहिलेला तोतया, त्याला घेऊन आलेला एजंट, ओळख पटवणारा, की पैसे मोजून बसलेला खरेदीदार? 'अर्जदारास विनाकारण गोवण्यात आले आहे' हे वाक्य चौघांनाही लागू पडतं. न्यायाधीश ते रोज वाचतात, त्यामुळे वाचतच नाहीत.

आधी दस्ताची प्रमाणित प्रत काढ. फिर्यादीसोबतच्या झेरॉक्समध्ये फोटो नुसते काळे डाग दिसतात. शेवटी 'दस्त गोषवारा भाग 2' बघ. प्रत्येक पक्षकाराचा फोटो, अंगठा, आणि खाली ओळखीच्या इसमांची नावं. करून देणाऱ्यांना ते व्यक्तिशः ओळखतात, असं तिथे छापलेलं असतं. तुझा पक्षकार त्या रकान्यात आहे. एजंट म्हणाला म्हणून सही केली, असं तो सांगतो. असेलही. मग तो एजंट कोण, त्याच्याशी फोनवर बोलणं कधी झालं, खात्यात काही जमा झालं का, हे खोदून विचार आणि बँकेचं स्टेटमेंट अर्जाला जोड. सरकारी वकिलांनी ते काढण्याआधी तू दाखवलेलं बरं.

भारतीय दंड संहितेच्या (भादंवि) कलम 467 मध्ये, म्हणजे मौल्यवान दस्ताच्या बनावटगिरीला, जन्मठेपेपर्यंत शिक्षा आहे, त्यामुळे सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यांत सरसकट अटक नको म्हणणाऱ्या 2014 च्या अर्नेश कुमार निवाड्यावर फार विसंबू नकोस. (पोलीस हे कलम लावायला विसरत नाहीत ते उगाच नाही.) तुला खरा आधार सर्वोच्च न्यायालयाच्या दुसऱ्या दोन निवाड्यांत आहे. मोहम्मद इब्राहिम, 2009: दुसऱ्याची जमीन आपली म्हणून स्वतःच्याच नावाने विकली तर तेवढ्याने तो बनावट दस्त होत नाही, मालकाचं सोंग घेऊन सही केली तर होतो. शीला सेबास्टियन, 2018: खोटा दस्त ज्याने तयार केला नाही त्याला बनावटगिरीखाली दोषी धरता येत नाही. हे दोन्ही वापर, पण मोजून. कटाचं कलम आणि नोंदणी कायद्याचं तोतयेगिरीबद्दलचं कलम 82 तरीही उरतं, आणि 'हे खटल्यात बघू' हे उत्तर समोरून येणारच.

खरी लढाई कोठडीवर होते. तपासी अंमलदाराच्या 'से'मध्ये, म्हणजे अर्जावरच्या लेखी म्हणण्यात, ठरलेली ओळ असते: सह्यांचे आणि ठशांचे नमुने घ्यायचे आहेत. बीएनएसएसच्या (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या कायद्याच्या) कलम 349 खाली आता दंडाधिकारी कारणं नोंदवून अटकेशिवायही नमुने द्यायला सांगू शकतात, हे दाखव. मूळ दस्त सरकारी कार्यालयात आहे, तो जप्त करायला कोठडी कशाला लागते? मात्र 'तोतया कोण, बनावट आधार कुठे बनलं' याला तुझ्याकडे उत्तर हवं. पक्षकाराला जे माहीत आहे ते तपासात सांगायची तयारी अर्जात लिही. तो एजंटचं नाव लपवत असेल तर अर्ज टाकण्याआधी त्याला समोर बसवून परिणाम समजावून सांग.

एक धोका. फिर्यादीचे वकील हस्तक्षेप अर्ज घेऊन येतील, पक्षकार घाबरून 'पैसे भरतो' म्हणेल. ज्याला छदाम मिळाला नाही त्याने लाखो भरायची तयारी का दाखवायची? जामीन हे वसुलीचं साधन नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने रमेश कुमार प्रकरणात 2023 साली बजावलं आहे.

अंतरिम संरक्षण मिळालं तर हजेरीची एकही तारीख चुकू देऊ नकोस, आणि प्रत्येक हजेरीची नोंद स्वतःजवळ ठेव. 'तपासाला सहकार्य नाही' हा शेरा पुढच्या तारखेला अर्ज बुडवतो.

आणि मसुद्यात जुन्या प्रक्रिया संहितेचं अटकपूर्व जामिनाचं कलम 438 लिहिलंयस ते खोड. दस्त 2022 चा, म्हणून गुन्ह्याची कलमं भादंविचीच राहतील; अर्ज मात्र आता बीएनएसएसच्या 482 खाली. प्रमाणित प्रत हाती आली की मसुदा पुन्हा पाठव.