दोन नावांचं स्टेशन आणि न बसवलेल्या लिफ्ट

प्रश्न : माझी भाची लंडनला शिकते. तिच्या कॉलेजला लागूनच लाल लाद्यांचं एक बंद भुयारी स्टेशन आहे. वर 'स्ट्रँड स्टेशन' अशी अक्षरं आहेत, पण तिथले लोक त्याला ऑल्डविच म्हणतात. एका स्टेशनला दोन नावं कशी? आणि शहराच्या ऐन मध्यावरचं स्टेशन बंद का पडलं?

उत्तर : दोन्ही नावं खरीच. ३० नोव्हेंबर १९०७ रोजी ते 'स्ट्रँड' म्हणून उघडलं. मे १९१५ मध्ये जवळच्या दुसऱ्या एका स्टेशनला 'स्ट्रँड' नाव द्यायचं ठरलं, तेव्हा याचं 'ऑल्डविच' केलं. म्हणजे भाचीला दिसली ती पाटी जुनी.

बंद का पडलं, याचं उत्तर नकाशात आहे. ग्रेट नॉर्दर्न अँड स्ट्रँड नावाची एक कंपनी उत्तरेच्या वुड ग्रीनपासून सरळ इथपर्यंत गाडी आणणार होती. पुढे चार्ल्स यर्कीस या अमेरिकी धनिकाच्या गटाने ती घेतली आणि दुसऱ्या एका योजनेशी जोडून पिकॅडिली मार्ग तयार केला. त्यात मुख्य गाडी होबर्न स्टेशनला पश्चिमेकडे वळली आणि होबर्न ते स्ट्रँड एवढंच शेपूट खाली लोंबत राहिलं. त्यावर एकही मधलं स्टेशन नाही. थेम्स नदीखालून पलीकडच्या वॉटर्लू स्टेशनपर्यंत हे शेपूट वाढवण्याचे बेत पुन्हा पुन्हा झाले आणि प्रत्येक वेळी कागदावरच राहिले. बरं, वर रस्त्याने होबर्न चालत गाठता येतं आणि टेंपल स्टेशन तर त्याहून जवळ. मग कोण कशाला खाली उतरेल?

आता माझ्या आवडीचा भाग. माझी नोकरी लिफ्टच्या देखभालीत गेली, त्यामुळे कुठलंही स्टेशन मी आधी शाफ्टमधून, म्हणजे लिफ्टच्या विहिरीतून बघतो. इथे तीन गोल शाफ्ट खणले आहेत. एका शाफ्टमध्ये दोन लिफ्ट बसायच्या, आणि गोल विहिरीत दोन डबे शेजारी मावावेत म्हणून त्यांचा आकार चौकोनी न ठेवता एका बाजूला निमुळता केलेला. हिशेब सहा लिफ्टचा. प्रत्यक्षात एकाच शाफ्टमध्ये दोन बसवल्या; बाकीचे दोन शाफ्ट रिकामे ते रिकामेच. गर्दी येईल या भरवशावर खणलं आणि उघडण्याआधीच भरवसा सुटला, असं मी तरी त्याचं वाचन करतो. खालीही तीच तऱ्हा. दोन बोगदे, दोन प्लॅटफॉर्म. पण गाड्या आखूड धावणार म्हणून भिंतीच्या लाद्या पूर्ण लांबीभर लावल्याच नाहीत. १९१४ पासून पूर्वेकडचा प्लॅटफॉर्म वापरातून गेला आणि पुढे सगळी सेवा एका बोगद्यात, होबर्नला जाऊन परत, अशी.

१९२२ मध्ये तिकीट खिडकीही बंद केली. तिकिटं लिफ्टमध्येच, लिफ्टमन देई! खाली उतरता उतरता पैसे घ्यायचे आणि सुटे परत करायचे. मी हे काम केलं नाही याबद्दल देवाचे आभार मानतो.

गंमत म्हणजे युद्धात या रिकाम्या जागेची किंमत वाढली. पहिल्या महायुद्धात नॅशनल गॅलरीची सुमारे ३०० चित्रं त्या बिनवापराच्या प्लॅटफॉर्मवर ठेवली होती. दुसऱ्या महायुद्धात सप्टेंबर १९४० मध्ये गाड्या थांबवून स्टेशनात लोकांना बॉम्बहल्ल्यापासून आसरा दिला, आणि ब्रिटिश म्युझियममधली ग्रीसच्या पार्थेनॉन मंदिराची शिल्पं बोगद्यात आणून ठेवली. गाड्या पुन्हा धावल्या त्या १ जुलै १९४६ ला.

१९६२ पासून फक्त सोमवार ते शुक्रवार, तेही सकाळ-संध्याकाळच्या गर्दीच्या वेळेतच गाडी. शेवटी घाव घातला तो लिफ्टने. १९०७ च्याच त्या दोन लिफ्ट बदलायला ३० लाख पौंड लागणार होते. दिवसाला प्रवासी सुमारे ४५० आणि वर्षाला तोटा दीड लाख पौंडांचा. माझ्यासमोर हा कागद आला असता तर मीही सही करताना हात आखडता घेतला असता. ३० सप्टेंबर १९९४ ला शेवटची गाडी गेली.

रूळ मात्र अजून आहेत आणि खाली जुन्या बनावटीची एक गाडीही उभी असते. चित्रपटवाल्यांना भुयारी रेल्वेचं दृश्य हवं असलं की ते इथे येतात. लेस्ली ग्रीन या वास्तुरचनाकाराची ती लाल इमारत २०११ पासून संरक्षित यादीत आहे.

भाचीला सांगा, लंडन ट्रान्सपोर्ट म्युझियम अधूनमधून आत फेरी नेतं. स्टेशनचं सरे स्ट्रीटवरचं दारही बघायला सांगा. खाली जायला आता गोल जिना उतरावा लागतो. लिफ्टचे डबे वरच थांबलेले आहेत.