वाचकांचे प्रश्न : माडावरचा भुंगा, कुळथातला भुंगेरा

प्रश्न : वाडीतल्या पाच-सहा वर्षांच्या माडांची नवी झावळं उघडतात तीच कात्रीने तिरकी कापल्यासारखी. दोनदा औषध फवारलं, फरक नाही. हा सोंड्या असेल का? शेणखताचा खड्डा वाडीतच आहे. (गुहागर)

उत्तर : सोंड्या नव्हे, हा गेंड्या भुंगा. काळा, जाडजूड, डोक्यावर शिंग. तो शेंड्याच्या न उमललेल्या कोंबात, म्हणजे सुईत शिरून घड्या पडलेलं पान कुरतडतो. पान उलगडलं की तिरके काप दिसतात. म्हणजे आज दिसणारं नुकसान जुनं आहे आणि फवारा आतल्या भुंग्यापर्यंत पोचतच नाही.

शेंड्यात ताजा चोथा बाहेर आलेलं भोक शोधा. टोकाला आकडी असलेली तार आत घालून भुंगा ओढून काढा. मग वरच्या तीन झावळांच्या बेचक्यांत पाव किलो निंबोळी पेंडीचा चुरा तेवढ्याच वाळूत मिसळून भरा. मे, सप्टेंबर आणि डिसेंबर असं वर्षातून तीनदा. लहान माडांना चार डांबरगोळ्या बेचक्यांत ठेवून वर वाळू टाकली तरी चालतं, मात्र दर 45 दिवसांनी नव्या घालाव्या लागतात. यातलं काहीही थेट सुईच्या तोंडात ओतू नका.

एवढं करूनही खड्डा तसाच ठेवलात तर भुंगे येतच राहतील, कारण त्यांची पैदास माडावर होतच नाही. खत उकरून पाहा. तपकिरी डोक्याची, अर्धगोल वळलेली जाड पांढरी अळी म्हणजे हाच गेंड्या. अंड्यापासून भुंगा व्हायला साधारण चार ते सहा महिने लागतात, तेव्हा दर दोन महिन्यांनी खत वरखाली करा आणि अळ्या वेचा. कोंबड्या सोडल्यात तर त्या हे काम आनंदाने करतात. खत ओलसर असताना त्यात अळ्या मारणारी मेटारायझियम बुरशी पाकिटावरच्या प्रमाणात मिसळा. कोरड्या खतात ती वाढत नाही. वादळात पडलेला माड कुजत ठेवला असेल तर तोही फोडून जाळा, अळ्या त्यातही वाढतात.

सोंड्याची भीती मात्र रास्त आहे. तांबूस, लांब सोंडेचा हा भुंगा गेंड्याने केलेल्या जखमांतही अंडी घालतो. त्याच्या अळ्या खोड आतून पोखरतात आणि माड मरतो. खोडावरच्या भोकातून तपकिरी चिकट रस आणि चोथा येत असेल तर एक दिवसही थांबू नका, जवळच्या कृषी अधिकाऱ्याला झाड दाखवा. हिरवी झावळ तोडायचीच झाली तर खोडाशी चार फूट देठ राखा.

प्रश्न : घरचे कुळीथ दर वर्षी ऊन देऊनही भोकं पडून वाया जातात. (मालवण)

उत्तर : दाण्यावर पांढरे ठिपके चिकटलेले दिसतील, ती भुंगेऱ्याची अंडी. पहिली अंडी शेतात शेंगांवर घातली जातात, त्यांतल्या अळ्या दाण्यात शिरून घरी येतात आणि घरात निघालेले भुंगेरे दाण्यांवर पुन्हा अंडी घालतात. अळी दाण्याच्या आत वाढते. ऊन लागलं की भुंगेरे पळतात, पण आतल्या अळ्या वाचू शकतात.

खायचे कुळीथ थोडे असतील तर आठवडाभर डीप फ्रीझरमध्ये ठेवा. बाहेर काढल्यावर डबा तसाच बंद ठेवून खोलीच्या तापमानाला येऊ द्या, नाहीतर दाण्यांवर पाणी सुटेल. जास्त असतील तर दाताखाली कडक फुटेपर्यंत वाळवा, किलोला दोन छोटे चमचे खोबरेल चोळा आणि घट्ट झाकणाच्या डब्यात भरा. तेलाचा पातळ थर प्रत्येक दाण्याला लागला पाहिजे, म्हणून किलो-किलोनेच चोळा. गेल्या वर्षीचे भोकं पडलेले दाणे नव्यांत मिसळू नका.

प्रश्न : नव्या बांबूच्या खुर्चीखाली रोज पिठासारखी भुकटी पडते. वाळवी का? (अलिबाग)

उत्तर : वाळवीची मातीची नळी दिसत नसेल तर हा लाकूड पोखरणारा भुंगेराच. बांबूतल्या पिष्टावर तो जगतो. वॉर्निश लावून आतली अळी मरत नाही, ती भोक पाडून बाहेर येते. खुर्ची कडकडीत उन्हात काळ्या प्लास्टिकखाली तापवा, भुकटी झाडून टाका आणि पुढे नवी पडते का ते पाहा. पुढच्या वेळी बांबू तोडल्यावर काही आठवडे व्हाळात (ओढ्यात) बुडवून ठेवलेला घ्या.