शरण आल्यास त्याच दिवशी जामीन मिळतो का?

प्रश्न : शेताच्या बांधावरून झालेल्या मारामारीत माझ्या धाकट्या भावाविरुद्ध खुनाच्या प्रयत्नाचा गुन्हा दाखल झाला आहे. त्याचा अटकपूर्व जामीन अर्ज उच्च न्यायालयानेही फेटाळला आहे. पोलिसांकडे न जाता थेट न्यायालयात हजर झाल्यास त्याच दिवशी जामीन होतो, असे नातेवाईक सांगतात. हे खरे आहे का?

उत्तर : नातेवाइकांच्या सल्ल्याचा पहिला भाग बरोबर आहे, दुसऱ्यावर मात्र विसंबू नये. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८३ नुसार (पूर्वीचे कलम ४३९) जामीन मागणारा आरोपी कोठडीत असावा लागतो. कोठडी म्हणजे पोलिसांचीच, असा समज सर्वत्र आहे. परंतु न्यायालयासमोर शरण येऊन त्याच्या आदेशाधीन झालेली व्यक्तीही कोठडीतच असते, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८० मध्ये निरंजन सिंग विरुद्ध प्रभाकर खरोटे या प्रकरणात स्पष्ट केले. त्यापुढे जाऊन २०१४ च्या संदीप कुमार बाफना प्रकरणात, आरोपी थेट सत्र किंवा उच्च न्यायालयासमोर शरण येऊ शकतो, त्यासाठी आधी दंडाधिकाऱ्यांकडे जाण्याची गरज नाही, असाही निर्णय झाला. आपल्या भावाच्या दृष्टीने हे महत्त्वाचे आहे, कारण खुनाच्या प्रयत्नात कोणी जखमी झाले असल्यास जन्मठेपेपर्यंत शिक्षा होऊ शकते आणि अशा गुन्ह्यात दंडाधिकाऱ्यांचे जामिनाचे अधिकार फार मर्यादित असतात.

अडचण पुढेच आहे. हा गुन्हा सत्र न्यायालयात चालणारा असल्यामुळे अर्जाची नोटीस सरकारी वकिलांना द्यावी लागते. ते तपासी अंमलदाराचे म्हणणे, म्हणजे वकिलांच्या भाषेत ‘से’, दाखल करण्यासाठी बहुधा मुदत मागतात. तोपर्यंत आरोपीला तात्पुरता जामीन द्यायचा की कोठडीत ठेवायचे, हे न्यायाधीश ठरवतात. अटकपूर्व अर्ज फेटाळला तर आरोपी निदान घरी परततो. एकदा शरण आल्यावर अर्ज मागे घेऊन बाहेर पडण्याची सोय राहत नाही. त्यामुळे भावाने काही दिवस आत राहण्याची मनाची तयारी ठेवूनच न्यायालयाची पायरी चढावी.

स्वतःहून हजर झाल्याचा उपयोग मुख्यतः एकाच मुद्द्यावर होतो : हा माणूस पळून जाणार नाही. तोही लवकर आल्यास. फरारी म्हणून उद्घोषणा निघाल्यानंतर आलेल्या शरणागतीचे वजन फारसे उरत नाही. बाकी निर्णय फिर्यादीत त्याच्या वाट्याला नेमके काय आले आहे, जखमेचा दाखला काय सांगतो, पूर्वीचे गुन्हे आहेत का आणि साक्षीदारांवर दबाव येईल का, यांवर होतो. कुऱ्हाडीचा घाव दुसऱ्याने घातला आणि भावाने केवळ लाथाबुक्क्यांनी मारहाण केली, अशी फिर्याद असेल, तर वकिलांनी युक्तिवादाची सुरुवात तेथूनच करावी. उलट, कुऱ्हाड भावाच्याच हाती होती आणि ती अजून जप्त झालेली नसेल, तर तपासासाठी कोठडी हवी, हा सरकार पक्षाचा आग्रह सहसा मान्य होतो. माझ्या मते अशा वेळी पहिल्याच दिवशी तात्पुरत्या जामिनाची आशा धरण्यात अर्थ नाही. आरोपपत्र दाखल झाल्यावर मात्र त्या आग्रहाचा जोर ओसरतो आणि तेव्हा नव्याने अर्ज करता येतो.

जामीनदाराची कागदपत्रे, म्हणजे ओळखपत्र, राहण्याचा पुरावा आणि सातबारा उतारा, आधीच वकिलांकडे देऊन ठेवावीत. आदेश होऊनही केवळ जामीनदाराची पडताळणी रखडल्यामुळे आरोपी आणखी काही दिवस कारागृहात राहिल्याची उदाहरणे नेहमी दिसतात.