यादवी युद्धात व्हरमाँटच्या खेड्यांनी काय सोसलं?

प्रश्न असा आहे: अमेरिकेच्या यादवी युद्धात (१८६१–६५, उत्तरेची राज्यं विरुद्ध दक्षिणेची) व्हरमाँटसारख्या चिमुकल्या, शेतकरी राज्याचं नाव इतकं का घेतलं जातं? तिथे तर एकही मोठी लढाई झाली नाही.

लढाई झाली नाही, हे खरं. लढाई मुख्यतः सातशे-आठशे किलोमीटर दूर व्हर्जिनियात चालली होती आणि उत्तरेच्या बाजूने लढायला व्हरमाँटची गावंच्या गावं तिकडे गेली होती.

मी सात वर्षं व्हरमाँटमध्ये राहिले. तिथल्या जवळजवळ प्रत्येक गावात मधोमध हिरवळीचा चौक असतो आणि अनेक ठिकाणी त्यात एक दगडी शिपाई उभा असतो. बंदुकीचा दस्ता जमिनीवर टेकवलेला, दोन्ही हात नळीवर. खाली नावं. मी पहिल्यांदा असा दगड नीट वाचला तेव्हा एकच आडनाव खालोखाल तीनदा आलेलं दिसलं. भावकी आहे, हे कुणी सांगावं लागलं नाही. माझं माहेर सातारा जिल्ह्यातलं. आमच्याकडे अपशिंगे मिलिटरी हे गाव सगळ्यांना ठाऊक असतं. पहिल्या महायुद्धात त्या एका गावचे ४६ जण गेले. त्यामुळे तो दगड वाचताना मला परकं वाटलंच नाही, आणि तेव्हापासून या विषयाचं मिळेल ते वाचत आले.

आधी आकडे सांगते. १८६० च्या जनगणनेत व्हरमाँटची लोकसंख्या होती ३,१५,०९८. त्यातून ३४ हजारांहून अधिक माणसं सैन्यात गेली. म्हणजे बायका, मुलं, म्हातारे सगळे धरून दर नऊ माणसांमागे एक. पाच हजारांहून अधिक परत आले नाहीत.

पण आकड्यांपेक्षा भरती कशी होत होती ते समजून घ्या, सगळं त्यात आहे. शंभरेक माणसांची एक कंपनी एखाद्या गावात आणि आजूबाजूच्या वाड्यावस्त्यांत उभी राहायची. गावातलाच एखादा वकील किंवा दुकानदार कॅप्टन व्हायचा, तोही बहुधा शिपायांनी मत देऊन निवडलेला. शेजारी शेजाऱ्याच्या खांद्याला खांदा लावून उभा. याने धीर येतो, पळ काढायची लाज वाटते, कारण गावी परत जायचं असतं. पण एखाद्या दुपारी ती कंपनी माऱ्यात सापडली, की एक गाव एकदमच रिकामं होतं.

२९ जून १८६२ ला व्हर्जिनियात सॅव्हेज स्टेशनला तेच झालं. पाचवी व्हरमाँट रेजिमेंट (अशा दहाएक कंपन्यांची तुकडी) संध्याकाळी झाडीतून पुढे सरकली, उघड्यावर आली आणि समोरच शत्रू. अर्ध्या तासात २०६ माणसं मेली किंवा जखमी झाली, म्हणजे रेजिमेंट जवळजवळ निम्मी झाली. तिच्या ई कंपनीत मँचेस्टर गावचे कमिंग्ज होते: पाच सख्खे भाऊ, एक चुलतभाऊ आणि एक मेहुणा. सातही जणांना गोळ्या लागल्या. सहा जण गेले, काही जागीच, काही नंतर जखमांनी. हेन्री एकटा जगला. आणि त्याच रात्री सैन्याला माघार घ्यावी लागली, तेव्हा अडीच हजार आजारी आणि जखमी तिथेच शत्रूच्या हाती सोडून निघावं लागलं. मँचेस्टर आज टुमदार पर्यटनाचं गाव आहे. मी तिथे गेले की मला हे घर आठवतं आणि बाकी काही सुचत नाही.

मग ५ आणि ६ मे १८६४, विल्डरनेसचं जंगल. पहिल्या व्हरमाँट ब्रिगेडला, म्हणजे राज्याच्या अनेक रेजिमेंटा मिळून झालेल्या फौजेला, एक चौरस्ता राखायचा होता, ब्रॉक रोड आणि ऑरेंज प्लँक रोड मिळतात तिथला. झाडी इतकी दाट की समोरचा माणूस दिसत नव्हता, धूर दिसेल तिकडे गोळी मारायची. चौरस्ता राखला. दोन दिवसांत ब्रिगेडची १,२३४ माणसं मेली, जखमी झाली किंवा बेपत्ता झाली. ही सगळी एकाच राज्याची.

गेटिसबर्गच्या गाजलेल्या लढाईबद्दल सगळीकडे भरपूर वाचायला मिळेल, म्हणून थोडक्यात: जनरल स्टॅनर्डच्या हाताखालची दुसरी ब्रिगेड नऊ महिन्यांच्या मुदतीची होती आणि मुदत संपतच आली होती. ३ जुलै १८६३ ला तिने दक्षिणेच्या जनरल पिकेटच्या हल्ल्याच्या बगलेवर वळून गोळीबार केला. बोटांवर घरी जायचे दिवस मोजत असलेली शेतकऱ्यांची पोरं होती ती.

गोळीपेक्षा आजारानं जास्त माणसं नेली, हे मात्र सहसा कुणी सांगत नाही. डोंगरात एकेकट्या शेतावर वाढलेल्या मुलांना लहानपणी गोवर आलेलाच नसायचा. छावणीत एका तंबूत झोपल्यावर तो आला, मागोमाग टायफॉइड आणि हगवण. १८६१ च्या हिवाळ्यात व्हर्जिनियातल्या कॅम्प ग्रिफिन छावणीत एकही लढाई न होता ब्रिगेडमधली माणसं रोज दवाखान्यात जात होती. पुढे गव्हर्नर फ्रेडरिक हॉलब्रुक वॉशिंग्टनला जाऊन भांडले, आमची माणसं आमच्या हवेत बरी होतील म्हणाले, आणि ब्रॅटलबरोला लष्करी इस्पितळ उभं राहिलं. मला या माणसाबद्दल फार आदर वाटतो.

आता मागे राहिलेल्या गावांचं. राज्याने एप्रिल १८६१ मध्येच युद्धासाठी दहा लाख डॉलर मंजूर केले आणि केंद्राच्या पगारावर प्रत्येक शिपायाला महिना ७ डॉलर स्वतःचे द्यायचं ठरवलं. नंतर भरती आटली, तसं गावांना कर्ज काढून भरती होणाऱ्यांना बक्षिसी द्यावी लागली. ते ठरायचं टाउन मीटिंगमध्ये, म्हणजे आपल्या ग्रामसभेत, जिथे तेव्हा कर भरणारा प्रत्येक बाप्या हात वर करून मत द्यायचा. सगळे खुशीने गेले असं मात्र नाही. १८६३ च्या सक्तीच्या भरतीत पुष्कळांनी ३०० डॉलर भरून सुटका करून घेतली, आणि वेस्ट रटलंडच्या खाणीतल्या आयरिश मजुरांनी भरतीसाठी नावं नोंदवायला आलेल्या अधिकाऱ्यांना दगड मारून हुसकावलं. ज्याच्याकडे ३०० डॉलर नव्हते त्याने काय करायचं, हा त्यांचा प्रश्न मला तरी रास्त वाटतो.

शेतं बायकांनी, पोरांनी आणि म्हाताऱ्यांनी ओढली. गवत कापायचे दिवस मोजकेच असतात; ते चुकले की हिवाळ्यात जनावरं उपाशी. अशा वेळी आपल्याकडच्या सावडीसारखा हातभार लावल्याशिवाय भागत नाही. त्यात एका गोष्टीने तारलं: मेंढरं. व्हरमाँट मेरिनो मेंढ्यांचं राज्य होतं. दक्षिणेचा कापूस बंद झाला, लोकरीची मागणी वाढली आणि भाव दुपटीच्या वर गेला. याच कापसाच्या टंचाईने इकडे खानदेश-वऱ्हाडच्या कापसाला सोन्याचा भाव आला आणि मुंबईत शेअरांचं वेड शिरलं. १८६५ ला युद्ध संपलं तशी मुंबई कोसळली, आणि पाठोपाठ व्हरमाँटच्या लोकरीचा भावही. दोन्हीकडच्या शेतकऱ्यांना एकमेकांचं नावही माहीत नव्हतं.

१९ ऑक्टोबर १८६४ या दिवशी युद्ध खुद्द व्हरमाँटमध्येही आलं. कॅनडातून वीसेक दक्षिणी सैनिक साध्या वेशात सेंट ऑल्बन्सला आले, अर्ध्या तासाच्या आत तीन बँका लुटून दोन लाख डॉलरच्या वर रक्कम घेऊन पळाले. एक माणूस मेला. गाव पेटवायचा बेत फसला. आणि त्याच दिवशी व्हर्जिनियात सीडर क्रीकला व्हरमाँटच्या रेजिमेंटा हरत आलेली लढाई फिरवत होत्या.

त्या लढाईचं चित्र राज्याची राजधानी माँटपेलियरच्या स्टेट हाउसमध्ये, म्हणजे विधानभवनात आहे, साधारण दहा फूट उंच आणि वीस फूट लांब. काढणारा ज्युलियन स्कॉट, जॉन्सन गावचा. तिसऱ्या व्हरमाँटमध्ये तो बासरी वाजवायला होता, आणि एप्रिल १८६२ मध्ये ली'ज मिल्सला, सोळाव्या वर्षी, गोळीबारात नदी ओलांडून जखमींना घेऊन आला. त्यासाठी त्याला मेडल ऑफ ऑनर हे शौर्यपदक मिळालं. कधी तिकडे गेलात तर हे चित्र जरूर बघा. सेनापती मागे, धुरात आहेत. पुढे, अगदी हाताला लागतील असे, थकलेले शिपाई आहेत, आणि बरेचसे चेहरे खऱ्या माणसांचे आहेत. मी गेले तेव्हा एक आजोबा नातीला त्यातला एक चेहरा बोटाने दाखवत होते.