चाळीस टक्के बॅटरी असताना टॅब बंद पडतो तेव्हा

तुम्ही दिलेली माहिती आधी एकत्र मांडतो. निफाडला वडिलांकडे चार वर्षं वापरातला दहा इंची अँड्रॉइड टॅब आहे. पेपर वाचताना तासन्‌तास नीट चालतो, पण व्हिडिओ कॉल लावला की ३५-४० टक्के बॅटरी असतानाच बंद होतो. थंडीत सकाळी जास्तच. चार्जरला लावून सुरू केला की कधी १२ टक्के दाखवतो, कधी पुन्हा ३८. दुकानदार म्हणतोय, फॅक्टरी रिसेट मारून बघू, म्हणजे आतलं सगळं पुसून टॅब नव्यासारखा करू.

कृपया रिसेट मारू नका. माझ्या मावशीच्या टॅबची हीच तक्रार होती आणि मी घाईने रिसेट केला. तिने आजीकडून म्हणवून घेतलेल्या जात्यावरच्या ओव्या त्यात होत्या, त्या गेल्या. दोन दिवसांनी टॅब पुन्हा तसाच बंद पडला. आजी आता नाही. म्हणून आज पहिलं काम एकच: वडिलांचे फोटो, रेकॉर्डिंग सगळं दुसरीकडे उतरवून घ्या.

तुमच्या लक्षणांवरून माझा संशय थेट बॅटरीवर आहे. टक्क्यांचा आकडा हा अंदाज असतो. किती करंट आत गेला, किती बाहेर पडला याचा हिशेब आणि व्होल्टेज यांवरून टॅब तो काढतो. पण बॅटरीत चार्ज किती उरलाय आणि ती एका दमात किती करंट देऊ शकते, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. सेल, म्हणजे बॅटरीचा मूळ घटक, जुना झाला की त्याचा अंतर्गत रोध, म्हणजे आतून करंटला होणारा अडथळा, वाढतो. समजा ४० टक्क्यांना सेलचं व्होल्टेज ३.७५ आहे आणि व्हिडिओ कॉलला कॅमेरा, स्क्रीन, वायफाय, प्रोसेसर मिळून २ अँपिअर खेचतात. रोध ०.१ ओहम असेल तर ०.२ व्होल्ट पडतात आणि ३.५५ उरतात, काम चालतं. तोच रोध ०.२५ झाला की अर्धा व्होल्ट पडतो आणि हाती ३.२५ राहतात. साधारण त्याच सुमारास टॅबमधली पॉवरची चिप सगळं बंद करते. बंद झाल्यावर भार उतरतो, व्होल्टेज पुन्हा वर येतं, म्हणून तुम्हाला परत ३८ दिसतात. पेपर वाचताना एवढा करंट लागतच नाही, त्यामुळे तिथे काही कळत नाही.

थंडीचंही कोडं इथेच सुटतं. तापमान उतरलं की लिथियम सेलचा रोध आणखी वाढतो, आणि निफाडचा पारा हिवाळ्यात एक आकडी होतो हे तुम्हाला मी काय सांगणार. हा प्रकार स्वस्त टॅबपुरताच आहे असंही समजू नका. आयफोन ६ आणि त्याच्या आसपासची मॉडेल्स अशीच बंद पडायची. जुन्या बॅटरीवर एकदम ताण येऊ नये म्हणून आपण सॉफ्टवेअरने फोनचा वेग कमी करतो, हे ॲपलने डिसेंबर २०१७ मध्ये मान्य केलं होतं.

आता खात्री करून घ्या. बॅटरीचं व्होल्टेज दाखवणारं एखादं साधं ॲप टाका. ४० टक्क्यांच्या आसपास, दुपारच्या उबेत, ब्राइटनेस कमी ठेवून आकडा लिहून घ्या. मग ब्राइटनेस पूर्ण करा, कॅमेऱ्याने व्हिडिओ रेकॉर्डिंग सुरू करा आणि मिनिटभराने लगेच ॲप उघडून पुन्हा बघा. ०.३ व्होल्टपेक्षा जास्त घसरण दिसली तर बॅटरी थकली असं मी धरतो. त्यानंतर मूळ चार्जर लावून वडिलांना व्हिडिओ कॉल करा. चार्जरवर अर्धा तास सुरळीत चालला आणि काढल्यावर पडला, तर शंका उरत नाही.

चार्जरवरही पडला तर मात्र मी चुकलोय. मग पाठ हाताला भाजण्याइतकी तापते का ते बघा, आणि पॉवरचं बटण कव्हरखाली दाबलं जात नाही ना तेही. बंद न होता लोगो येऊन आपोआप सुरू होत असेल तर सेफ मोडमध्ये, म्हणजे नंतर टाकलेली ॲप्स बंद ठेवून, एक दिवस वापरून पाहा. तिथे त्रास थांबला तर एखादं ॲप गुन्हेगार. पूर्ण चार्ज करून पूर्ण उतरवायचा सल्लाही तुम्हाला कुणीतरी देईल. त्याने फार तर टक्क्यांचा आकडा सुधारतो, रोध कमी होत नाही.

एक गोष्ट आजच तपासा: टॅब सपाट टेबलावर ठेवून कडेने बघा. स्क्रीन एका बाजूने उचलली असेल किंवा पाठ फुगली असेल तर चार्जिंग ताबडतोब थांबवा, दाबून बसवायला जाऊ नका, वडिलांच्या अंथरुणाजवळून दूर ठेवा. फुगलेल्या सेलला भोक पडलं तर आग लागू शकते.

बॅटरी बदलताना घरी उघडू नका. ती आत चिकटवलेली असते आणि उचकटताना वाकते. दुकानात टॅबचं नव्हे, जुन्या बॅटरीवर छापलेलं मॉडेल दाखवून तीच मागा. त्याच आकारात दुप्पट एमएएच (बॅटरीची क्षमता) लिहिलेली मिळाली तर घेऊ नका, तो आकडा खोटा असतो. नवी बसवल्यावर पैसे देण्याआधी दुकानातच ४० टक्क्यांच्या खाली उतरवून व्हिडिओ कॉल करून बघा. जुनी बॅटरी कचऱ्यात न टाकता तिथेच ई-कचऱ्यासाठी द्या.

व्होल्टेजचे दोन्ही आकडे आणि चार्जरवर काय झालं ते कळवा, मग पुढचं बोलू. तोवर वडिलांना सकाळचा कॉल चार्जर लावूनच करायला सांगा. अर्थात, टॅब फुगलेला नाही हे बघितल्यावरच.