साकेच्या गावात एक दिवस : तुमचे प्रश्न, आमची उत्तरं

जपानला निघालेल्या वाचकांकडून साकेच्या (तांदूळ आंबवून केलेल्या जपानी मद्याच्या) पारंपरिक कारखान्यांच्या एकदिवशीय सहलीबद्दल बरेच प्रश्न आले. त्यांतले निवडक घेतले आहेत. तिकडे अशा कारखान्याला 'साकागुरा' किंवा नुसतं 'कुरा' म्हणतात. खाली आम्हीही कुराच म्हणतो.

प्रश्न : टोकियो, क्योतो, हिरोशिमा असा प्रवास आहे. साकेसाठी एकच दिवस देता येईल. कुठून जाणं शहाणपणाचं?

हिरोशिमाहून साइजोला जा. जेआर रेल्वेच्या सान्यो मार्गावरची साधी लोकल 35-40 मिनिटांत तिथे पोचवते. स्टेशनातून बाहेर पडून थोडं चाललं की लाल विटांची उंच धुराडी दिसू लागतात. कामोत्सुरु, हाकुबोतान, कामोइझुमी, फुकुबिजिन असे एकूण सात कुरा तिथे एकमेकांच्या शेजारपाजारी आहेत. गाडीघोड्याची गरज नाही आणि रस्ता चुकायलाही फारशी जागा नाही.

चूक होते ती स्टेशनच्या नावात. शिंकान्सेनचं हिगाशी-हिरोशिमा हे स्टेशन साइजोपासून लांब आहे. रेल्वेचा पास हातात आहे म्हणून वेगवान गाडी पकडणारे तिथे उतरतात आणि मग बस शोधत बसतात. दुसरा सापळा म्हणजे इयो-साइजो. ते शिकोकू बेटावर, एहिमे प्रांतात आहे. फोनवरच्या नकाशात नुसतं 'साइजो' टाकलंत तर प्रांताचं नाव नीट बघून घ्या.

क्योतोजवळच्या फुशिमीत गेक्केइकानचं ओकुरा संग्रहालय आहे. कंपनी 1637 सालची, संग्रहालयाची इमारत 1909 ची. जवळच किझाकुरा या दुसऱ्या साके कंपनीचं ठिकाण आहे. अर्धा दिवस छान जातो, पण बघायला मिळतात ती मुख्यतः जुनी अवजारं. कोबेजवळचं नादा हा जपानमधला साकेचा सगळ्यात मोठा पट्टा. 1995 च्या भूकंपात तिथले बरेचसे लाकडी कुरा कोसळले. आज हाकुत्सुरु, किकुमासामुने वगैरेंची संग्रहालयं पाहता येतात. हाकुत्सुरुला तिकीट नाही, आणि माणसाच्या उंचीचे पुतळे मांडून प्रत्येक टप्पा समजावलेला असल्याने लहानांनाही कंटाळा येत नाही. टोकियोतच राहायचं असेल तर ओमे मार्गावर सावाई स्टेशनजवळ ओझावा शुझो हा 1702 पासूनचा कुरा आहे. तो एकच आहे, पण नदीकाठी आहे आणि चालता आहे.

प्रश्न : साइजो चालत फिरता येतं, तर गाईडसकट सहलीचे पैसे कशाला भरायचे?

दुकानं, विहिरी आणि चव यांसाठी भरूच नका. गाईडचा उपयोग होतो तो जिथे आत शिरायचं असतं तिथे. छोट्या कुरामध्ये माहिती जपानीत देतात आणि आधी वेळ ठरवल्याशिवाय दारही उघडत नाहीत. म्हणून पैसे भरण्याआधी आयोजकाला तीन गोष्टी लेखी विचारा : किती कुरांमध्ये प्रत्यक्ष कामाच्या जागेत नेणार, किती ठिकाणी फक्त विक्रीच्या काउंटरवर, आणि चव सहलीच्या दरात आहे की वेगळी. 'पाच कुरांना भेट' याचा अर्थ पुष्कळदा पाच दुकानं असा निघतो. दोन कुरा आतून आणि एक-दोन बाहेरून, एवढं एका दिवसाला पुरतं.

प्रश्न : आम्ही मे महिन्यात जातोय. एजंट म्हणतो, कारखाने बारा महिने चालू असतात.

मोठ्या कंपन्यांचे वातानुकूलित विभाग चालतात, तेवढ्यापुरता एजंट खरा. पारंपरिक कुरा मात्र थंडीचं काम करतात : ऑक्टोबरच्या आसपास सुरुवात, मार्च-एप्रिलपर्यंत आवराआवर. मे महिन्यात धुतलेल्या रिकाम्या टाक्या दिसतील. तेव्हा जाऊ नका असं नाही. गर्दी कमी असते आणि माणसं निवांत बोलतात. पण वाफाळता भात आणि बुडबुडणारी टाकी बघायची असेल तर नोव्हेंबर ते मार्च. त्यातही जानेवारी-फेब्रुवारीत उंची गिंजोचं, म्हणजे जास्त घासलेल्या तांदळाच्या साकेचं, काम असतं, त्यामुळे कित्येक कुरा बाहेरच्यांना आत घेत नाहीत. ऑक्टोबरमधल्या साइजोच्या साके उत्सवात गाव माणसांनी फुलून जातं. खाणंपिणं भरपूर, कारखाना बघणं जवळपास अशक्य.

दारावर टांगलेला देवदारासारख्या सुगी झाडाच्या फांद्यांचा गोळा, सुगिदामा, बघून ठेवा. नवी साके तयार झाली की हिरवागार गोळा लावतात, महिने जातील तसा तो तपकिरी होतो.

प्रश्न : साके म्हणजे तांदळाची गाळलेली दारू ना? मग आत बघायला नेमकं काय असतं?

गाळलेली ती शोचु. साके आंबवलेली असते, ऊर्ध्वपातन होत नाही. तांदळात साखर नसते, असतो तो स्टार्च, आणि यीस्टला स्टार्च खाता येत नाही. म्हणून आधी कोजी नावाची बुरशी वाफवलेल्या तांदळावर वाढवतात. ती स्टार्चची साखर करते आणि यीस्ट त्याच टाकीत, त्याच वेळी, त्या साखरेची दारू करतं. साकेची सगळी कसरत या दोन कामांचा वेग जुळवण्याची आहे.

आधी तांदूळ घासतात. वरच्या थरांतली प्रथिनं आणि स्निग्धांश चव बिघडवतात. 'सेइमाई-बुआई 60' म्हणजे दाण्याचा 60 टक्के भाग उरवला. 40 टक्के घासून काढला, असा हिशोब. बरेच जण नेमकं उलटं समजतात. मग धुणं आणि भिजवणं. इथे तोजी, म्हणजे मुख्य कारागीर, घड्याळ हातात धरून उभा दिसला तर नवल नाही. जास्त घासलेला दाणा पाणी भराभर पितो, आणि वजनाच्या 30 टक्क्यांच्या आसपास पाणी शिरलं की बाहेर काढायचा. थोडा उशीर झाला तर वाफवल्यावर चिकट गोळा होतो आणि त्यावर कोजी धड वाढत नाही. शिजवायचा नाही, वाफवायचा : बाहेरून कोरडा आणि आतून मऊ. आपल्या मोकळ्या भाताहूनही तो कडक लागतो. हे काम भल्या सकाळी उरकतात. अकराला पोचणाऱ्या सहलीला बहुधा धुतलेली भांडी दिसतात, तेव्हा वेळेचं आधीच विचारा.

कोजीची खोली तिशीच्या वर तापमानात ठेवलेली असते आणि तिथे काम सुमारे दोन दिवस चालतं. आत जायला मिळणार नाही, काच असेल तर काचेतून बघा. नंतर शुबो, म्हणजे यीस्टचं विरजण. लॅक्टिक आम्ल घालून केलं तर दोन आठवडे, किमोतो पद्धतीने आम्ल आपोआप तयार होऊ दिलं तर साधारण चार.

मुख्य टाकीतल्या मिश्रणाला मोरोमी म्हणतात. त्यात तांदूळ, कोजी आणि पाणी तीन खेपांत, चार दिवसांत घालतात. दुसऱ्या दिवशी काहीच घालत नाहीत. त्या दिवसाचं नाव 'ओदोरी', म्हणजे नाच. यीस्टला वाढायला सवड द्यायची. सगळं एकदम ओतलं तर आम्ल पातळ होतं, यीस्ट विरळ पडतं आणि नको ते जंतू टाकीचा ताबा घेतात. पुढे तीन ते पाच आठवडे आंबवण चालते. गिंजो असेल तर 10 अंशांच्या आसपास, मुद्दाम संथ.

टाकीच्या वरच्या फळीवर उभं केलं की खरबूज-केळ्यासारखा वास येतो आणि आपोआप वाकून हुंगावंसं वाटतं. वाकू नका. टाकीच्या तोंडाशी कार्बन डायऑक्साइडचा थर साचलेला असतो आणि तो श्वासात गेला तर भोवळ येऊन माणूस आत पडू शकतो. गाईड हात वारून वास तुमच्याकडे आणेल, तेवढाच घ्यायचा.

शेवटी दाबून रस आणि चोथा वेगळा करतात. चोथ्याला कासु म्हणतात. मग सुमारे 65 अंशांना तापवून साठवण. बाटलीत भरताना बहुतेक वेळा पाणी घालून मद्यांश 15-16 टक्क्यांवर आणतात.

प्रश्न : पाण्याचं इतकं कौतुक का?

कारण त्यावरून चव बदलते. नादा पट्ट्यातल्या निशिनोमियाचं मियामिझु पाणी कठीण, फॉस्फेट-पोटॅशियम भरपूर. त्यावर यीस्ट जोमाने चालतं आणि नादाची साके कोरडी, खणखणीत होते. 1840 मध्ये साके उत्पादक यामामुरा ताझाएमोन यांच्या लक्षात आलं की आपल्या दोन कुरांपैकी निशिनोमियाचीच साके दरवेळी सरस ठरते. ते पाणी दुसऱ्या कुरात नेऊन त्यांनी खात्री केली. हिरोशिमाचं पाणी मऊ असल्याने आंबवण रेंगाळायची. कोजी जास्त मुरवून थंडपणे आंबवायची रीत हिरोशिमाचे साके उत्पादक मिउरा सेन्झाबुरो यांनी 1898 मध्ये मांडली आणि साइजोचं नशीब पालटलं. लोह मात्र कुणालाच चालत नाही. पिण्याच्या पाण्यात लिटरला 0.3 मिलिग्रॅमपर्यंत चालतं, साकेच्या पाण्यात 0.02 च्या वर नको, नाहीतर साके तांबूस होते. साइजोत काही कुरांच्या विहिरीचं पाणी पाहुण्यांना भरून घेता येतं. साके चाखण्याआधी ते प्या.

प्रश्न : सहलीच्या सूचनांत 'सकाळी नात्तो खाऊ नये' असं लिहिलंय. अंधश्रद्धा की काय?

मुळीच नाही. आंबवलेल्या सोयाबीनमधल्या नात्तो जिवाणूचे बीजाणू वाफेलाही दाद देत नाहीत. ते कोजीच्या भातावर पडले तर बुरशीआधी तेच फोफावतात आणि तो घाणा गेला. हॉटेलच्या नाश्त्यात नात्तो हमखास असतं, तेव्हा सांभाळा. अत्तरही नको, इतरांना चव घेता येत नाही. सहज काढता येतील असे बूट आणि बिनभोकाचे मोजे घाला. फरशी ओली असते आणि जिने शिडीसारखे उभे.

प्रश्न : चवीला किती मिळते? चढणार तर नाही?

चढते, कारण माणूस हिशोब करत नाही. 30 मिलिलिटरचे पाच पेले आणि चार कुरा, म्हणजे 600 मिलिलिटर. 15 टक्क्यांनी त्यात 70 ग्रॅमच्या वर शुद्ध मद्यार्क येतो. जपानच्या आरोग्य खात्याने मध्यम प्रमाण म्हणून दिवसाला 20 ग्रॅम सांगितले आहेत, म्हणजे जेमतेम एक 'गो', 180 मिलिलिटर. तेव्हा घोट घ्या आणि थुंका. त्यासाठी भांडं ठेवलेलं असतं आणि कुणी वाईट मानत नाही. प्रत्येक पेल्यामागे तेवढंच पाणी प्या.

क्रम हलक्याकडून भारदस्ताकडे : गिंजो, मग जुनमाई (वरून मद्यार्क न घातलेली), मग किमोतो, शेवटी जुनी मुरवलेली. उलटं केलंत तर गिंजो पाण्यासारखी लागेल. पांढऱ्या पेल्याच्या तळाशी निळी वर्तुळं असतात ती नक्षी नव्हे : पांढऱ्यावर रंग बघायचा, निळ्याच्या कडेवर गढूळपणा.

प्रश्न : घरातले दोघं पीत नाहीत, मुलगा सतरा वर्षांचा आहे.

मद्यपानाचं वय 20, त्यामुळे मुलाला चव मिळणार नाही, कारखाना मात्र बघता येईल. न पिणाऱ्यांनी अमाझाके हे गोड पेय मागताना 'कोजीची' असं स्पष्ट सांगा. कासुपासून केलेल्या अमाझाकेत मद्यांश राहतो.

प्रश्न : भाड्याची सायकल घेतली तर?

एक घोट घेतला तरी नाही. दारू पिऊन सायकल चालवण्यावरचा कायदा नोव्हेंबर 2024 पासून कडक झाला आहे. मोटारीत तर पिऊन चालवणाऱ्याच्या शेजारी जाणूनबुजून बसणाराही दोषी ठरतो.

प्रश्न : बाटली कोणती आणावी?

720 मिलिलिटरची, तापवलेली. 'नामा' म्हणजे न तापवलेली साके फ्रीजमध्येच राहते. दोन दिवस हॉटेलच्या खोलीत आणि मग विमान, इतक्यात तिची चव उतरते. लेबलवर 'जुनमाई' असेल तर वरून मद्यार्क घातलेला नाही. 'गिंजो'ला दाणा 60 टक्के किंवा कमी उरवलेला, 'दाइगिंजो'ला 50. महाग ती चांगलीच असं मात्र नाही. जेवणासोबत साधी जुनमाई कोमट करून जास्त खुलते, दाइगिंजो गरम केली तर तिचा वास उडतो. बाटली चेक-इन सामानात, कपड्यांत गुंडाळून ठेवा. भारतात शुल्काशिवाय दोन लिटर आणता येतात, म्हणजे 720 च्या दोन.