वाचक विचारतात : वकील अब्राहम लिंकन

प्रश्न : लिंकन कॉलेजात गेले नव्हते, मग त्यांना वकिलीची सनद कशी मिळाली?

उत्तर : त्या काळी इलिनॉयमध्ये पदवीची अट नव्हती. १८३४ साली विधिमंडळावर निवडून आल्यावर त्यांनी सहकारी आमदार जॉन टॉड स्टुअर्ट यांच्याकडून कायद्याची पुस्तकं उसनी नेली आणि न्यू सेलममध्ये एकट्यानेच अभ्यास केला. मार्च १८३६ मध्ये सँगमन काउंटीच्या न्यायालयाने चांगल्या वर्तणुकीचा दाखला दिला. सप्टेंबरमध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींच्या सहीचा परवाना मिळाला आणि १ मार्च १८३७ रोजी वकिलांच्या पटावर त्यांचं नाव चढलं. एप्रिलमध्ये ते स्प्रिंगफील्डला स्टुअर्ट यांचे भागीदार झाले.

प्रश्न : त्यांचं कोर्टातलं रोजचं काम काय असे? भाषणंच का?

उत्तर : भाषणांची वेळ शेवटी येई. आधी कागद. बहुतेक दावे उधारीच्या वसुलीचे, फी साधारण ५ ते २० डॉलर. वचनचिठ्ठीवरचा, म्हणजे पैसे फेडण्याच्या लेखी वचनावरचा, एक दावा घ्या. समन्स काढण्यासाठी कारकुनाकडे अर्ज द्यायचा, शेरीफ ते प्रतिवादीला बजावणार. दाव्याचं निवेदन वकील स्वतःच्या हाताने लिहून काढी, आणि ते न्यायालयाचं सत्र सुरू होण्याच्या १० दिवस आधी दाखल व्हावं लागे. मुदत चुकली की प्रतिवादीच्या मागणीवर प्रकरण पुढच्या सत्रावर जाई आणि खर्च वादीच्या माथी बसे. सत्रं वर्षातून मोजकी, म्हणजे अशिलाचे पैसे कित्येक महिने अडकले.

दुसरा खड्डा दाव्याच्या प्रकाराचा. कागदावर मोहर असेल तर दावा एका प्रकारचा, नसेल तर दुसऱ्या. चुकीचा प्रकार निवडला तर विरुद्ध पक्ष तिथेच हरकत घेई, मग येणं कितीही खरं असो. लिंकन यांची खरी तयारी इथे झाली, असं आम्हाला वाटतं. नेमका मुद्दा पकडून बाकीचं सोडून द्यायची सवय त्यांच्या राजकीय भाषणांतही दिसते.

व्यवस्थितपणा मात्र त्यांच्याकडे नव्हता. पत्रं उंच टोपीत ठेवायची सवय होती. १८५० साली त्यांनी एका वकिलाला कळवलं, तुमचं पत्र जुन्या टोपीत ठेवलं होतं, दुसऱ्या दिवशी नवी टोपी घेतली आणि पत्र नजरेआड झालं.

वसंतात आणि शरदात न्यायाधीशांबरोबर आठव्या सर्किटच्या, म्हणजे एका फिरत्या न्यायालयाच्या हद्दीतल्या, गावोगावी फिरणं असे. एकाच खाणावळीत वकील, न्यायाधीश, कधी पक्षकारही. या ओळखी राजकारणात कामी आल्या. सर्किटचे न्यायाधीश डेव्हिड डेव्हिस यांनीच रिपब्लिकन पक्षाच्या १८६० च्या शिकागो अधिवेशनात त्यांच्या राष्ट्राध्यक्षपदाच्या उमेदवारीची मोहीम चालवली.

प्रश्न : पंचांग दाखवून त्यांनी खुनाचा आरोपी सोडवला. ते पंचांग बनावट होतं, हे खरं का?

उत्तर : नाही. बिअर्डस्टाउन इथे मे १८५८ मध्ये डफ आर्मस्ट्राँगवर हा खटला चालला. घटना २९ ऑगस्ट १८५७ च्या रात्रीची. चार्ल्स ॲलन या साक्षीदाराचं म्हणणं होतं, रात्री ११ च्या सुमारास चंद्र वर होता आणि लांबूनही मारहाण स्वच्छ दिसली. लिंकन यांनी उलटतपासणीत त्याला हे पुन्हापुन्हा सांगायला लावलं आणि मग त्या वर्षीचं पंचांग पुढे केलं. चंद्र अर्ध्याहून मोठा होता, पण त्या रात्री दक्षिणेच्या आकाशात खालूनच सरकला आणि मध्यरात्रीच्या आसपास मावळला. ११ वाजता तो क्षितिजाजवळ होता. आजच्या खगोलीय गणितानेही हेच निघतं. मात्र केवळ पंचांगाने खटला जिंकला नाही. जीवघेणी जखम दुसऱ्या आघाताने झालेली असू शकते, ही डॉक्टरची साक्षही तितकीच वजनदार होती.

प्रश्न : ते नेहमी गुलामांच्याच बाजूने उभे राहिले का?

उत्तर : नाही, आणि हे झाकू नये. १८४१ साली त्यांनी नान्स या कृष्णवर्णीय स्त्रीच्या विक्रीचा करार राज्याच्या सर्वोच्च न्यायालयात रद्द ठरवून घेतला. पण १८४७ साली कोल्स काउंटीत ते गुलाममालक रॉबर्ट मॅटसन यांच्या बाजूने उभे होते. मुद्दा एवढाच होता: केंटकीहून आणलेले जेन ब्रायंट आणि तिची मुलं इलिनॉयमध्ये तात्पुरती होती, की राहायला होती आणि म्हणून मुक्त? मुक्काम लांबल्याने पहिला युक्तिवाद टिकला नाही. मॅटसन हरले, ब्रायंट कुटुंब मुक्त झालं.